हिरव्यात पिवळा

आधीच सांगून ठेवते, ही गोष्ट शंभर टक्के खरी आहे. शंभर कसली, एकशे दहा! यातला एक शब्द जरी खोटा निघाला तर माझे उरलेसुरले चार दात याच क्षणी घशात जावोत. ज्याला विश्वास ठेवायचा नसेल त्यानं आत्ताच उठावं, चपला दारातच आहेत. मध्येच "असं कसं होईल" म्हणून फाटे फोडायचे नाहीत.

तर, दोन जावा होत्या. थोरली आणि धाकटी. जावा म्हटलं की तुमचे कान लगेच भांड्यांच्या आवाजाकडे लागणार. पण यांची घरं वेगळी, चुली वेगळ्या. भांडायला घरात जागाच नव्हती, म्हणून ते काम त्यांनी कामावर केलं.

काम म्हणजे सिनेमाचे सेट रंगवायचे. दोघींचे नवरे सख्खे भाऊ, सुतार. ते स्टुडिओत खोट्या भिंती, खोटे जिने, खोटी दारं ठोकायचे आणि या दोघी त्या खोट्याला रंग देऊन खरं करायच्या. थोरलीनं रंगवलेला प्लायवूडचा खांब इतका खरा दिसायचा की कुत्री लांबून धावत यायची आणि पाय वर करायची. मोठ्या सुतारानं त्यासाठी एक वेगळी काठीच ठेवली होती.

आणि थोरलीचा डोळा! कोळशाचं पोतं समोर ठेवा, हात न लावता सांगायची, "यात काळ्याच्या अकरा जाती आहेत, आणि तो कोपऱ्यातला कोळसा नाही, जळका पाव आहे." एका नटीला तिनं भर शूटिंगमध्ये सांगितलं, "बाई, घरी जा, तुझ्या गालाच्या गुलाबीत राखाडी उतरलाय." संध्याकाळी नटीला एकशे तीन ताप. म्हणून तर रंगखोलीची किल्ली तेवीस वर्षं तिच्याच कमरेला होती. किल्ली जिच्याकडे तिचा शब्द शेवटचा. कुठली भिंत कुठल्या रंगाची, कितीदा हात मारायचा, कधी थांबायचं, सगळं ती ठरवणार. झोपतानासुद्धा ती किल्ली काढायची नाही. कुशीवर वळली की नवऱ्याला टोचायची. तो म्हणायचा, "या पलंगावर आम्ही तिघं झोपतो."

धाकटी सहा वर्षांपूर्वी कामाला आली. आली ती ब्रश धुवायला. थोरलीनंच तिला शिकवलं. रंग कालवताना काठी एकाच दिशेनं फिरवायची, स्टेनर, म्हणजे बाटलीतला दाट रंग, थेंबाथेंबानं टाकायचा, आणि ओल्या रंगावर कधी विश्वास ठेवायचा नाही, कारण ओला रंग आणि नवा जावई दोघंही चार दिवस गोडच दिसतात. धाकटी पोट धरून हसायची. हसरीच होती. हात चपळ, बोलणं लाघवी. सुतार, लाइटवाले, ट्रॉली ढकलणारे, सगळ्यांची "वहिनी". थोरलीला मात्र "मोठ्या वहिनी", आणि तेही जरा सावरून उभं राहिल्यावर.

हे असं बरं चाललं होतं. मग तो सिनेमा आला.

सिनेमाचा दिग्दर्शक होता एक तरणा माणूस. कपाळावर कायम काळा गॉगल. डोळ्यांवर नाही हं, कपाळावर. उन्हातही कपाळावरच. म्हणून त्याचं नाव पडलं गॉगल. पहिल्याच दिवशी तो रिकाम्या फ्लोअरच्या मधोमध उभा राहिला आणि म्हणाला, "कोरियातले सूडाचे सिनेमे बघितलेत का तुम्ही?"

"आम्हाला इथले सूड पुरतात," थोरली म्हणाली.

गॉगल हसला, पण थांबला नाही. "मला तसा सिनेमा करायचाय. त्यात सूड घेणारी बाई किंचाळत नाही, केस सोडून धावत नाही. ती कडक इस्त्रीचा कोट घालते, नीट भांग पाडते आणि सावकाश चालत येते. माणूस गप्प. भिंत बोलते! चौकट अशी, की बाईच्या डावीकडे जेवढी भिंत, तेवढीच उजवीकडे. वर एकच दिवा, म्हणजे डोळ्यांच्या खोबणी अंधारात. आणि लांबच लांब बोळ. हिरवा. बाटलीच्या तळाचा असतो ना, तसा गडद, दमट हिरवा. बघणाऱ्याला वाटलं पाहिजे की या भिंतीला काहीतरी माहीत आहे. आणि त्या सगळ्या हिरव्यात लाल गोष्ट एकच. शेवटचं दार."

"आणि दाराच्या आत?" धाकटीनं विचारलं.

"आत खोली. भिंतीला फुलाफुलांचा कागद. अशी गोड फुलं की बघून भीती वाटावी."

लाल एकच म्हणजे एकच. गॉगलचा नियम इतका कडक, की एका लाइटवाल्याला सर्दीनं नाक लाल झालं म्हणून तीन दिवस सुट्टी मिळाली. पगारी! मग चौथ्या दिवशी सगळा फ्लोअर नाक चोळत आला.

सिनेमाची गोष्ट होती एका इस्त्रीवालीची. कुणीतरी तिचं घर मोडलेलं. ती अकरा वर्षं त्या माणसाच्या शर्टांना इस्त्री करते, त्याला पत्ता लागू न देता. मग एक दिवस त्याला त्या लाल दाराच्या खोलीत कोंडते.

"अकरा वर्षं?" थोरली म्हणाली. "एवढ्यात तो आपोआप मेला असता. इस्त्रीचा खर्च वाचला असता."

"तेच तर!" गॉगलनं टाळी वाजवली. "घाईत घेतला तर तो नुसता राग. सावकाश घेतला तर ती कला."

थोरलीनं तोंड वाकडं केलं. पण वाक्य मात्र तिच्या डोक्यात कुठंतरी जाऊन बसलं.

बोळ ठोकायला दोघा भावांना तीन आठवडे लागले. इतका लांब की या टोकाला शिंक दिली तर त्या टोकाचा माणूस जेवून, हात धुऊन, मग दचकायचा. रंगाच्या आधी नमुन्याची पाटी करायची असते. हातभर फळीवर रंग लावायचा, वाळवायचा, दिव्याखाली धरायचा. पास झाली की तीच पाटी शेवटपर्यंत कायदा. थोरलीनं पाटी केली. दुसऱ्या दिवशी दिव्याखाली धरली. गॉगल पाटीकडे बघत राहिला. मग वळला आणि म्हणाला, "वहिनी, तुम्हाला काय वाटतं?"

वहिनी. मोठ्या नव्हे. नुसत्या.

धाकटी पदर सारखा करत म्हणाली, "मला तर छान वाटतोय. ताईंचा हात आहे."

"जमलाय!" गॉगल म्हणाला.

थोरलीनं पाटी उचलून दिव्याच्या आणखी जवळ धरली. जमलाय कसला? काल तिनं कालवला तो हिरवा अगदी बाटलीचा तळ होता. आज पाटीवर दिसत होतं पित्त. पिवळट, मळमळणारं. वाळल्यावर रंग सरकतो हे तिला माहीत होतं, पण इतका? आणि हे पहिल्यांदा नव्हतं. गेलं वर्ष-दीड वर्ष तिचे रंग असेच बिघडत होते. ती एक कालवायची, भिंतीवर वाळायचा दुसरा. आणि गंमत म्हणजे लोक त्या दुसऱ्यालाच वा वा म्हणायचे.

आता हेवा म्हणजे काय असतो, ठाऊक आहे? तो असा पाहुणा आहे, की येताना म्हणतो, "बसत नाही, पायपुसण्यावर उभा राहतो." आणि आठ दिवसांत तुमच्याच पलंगावर लोळून तुम्हाला पाणी मागतो. थोरलीला सगळं दिसायला लागलं. ट्रॉलीवाले चहा आणतात तो आधी धाकटीला. धाकटी शिडीवर चढली की तिघं शिडी धरतात. आपण चढलो की शिडी आपली भिंतीला आणि आपण देवाला. तिचा स्वतःचा नवरा, तीस वर्षं मीठ खाल्लेला माणूस, परवा म्हणाला, "कपाटाचा रंग जुळतोय का बघायचंय. धाकटी आहे का गं?"

"मी मेलेय का?" थोरली म्हणाली.

"नाही, तसं नाही," तो म्हणाला आणि रंधा मारायला लागला. तसं नाही म्हणजे कसं, ते काही बोलला नाही.

त्यात मास्तरांनी तेल ओतलं. मास्तर म्हणजे कलादिग्दर्शक, म्हातारा, शिस्तीचा. ते म्हणाले, "स्टुडिओत आता दोन फ्लोअर होणार. रंगखोली एकच राहील, किल्लीही एकच. या बोळाचा शेवटचा हात कसा उतरतो ते बघतो आणि मग ठरवतो."

"काय ठरवता?" थोरलीनं कमरेवर हात ठेवून विचारलं.

"किल्ली कुणाकडे ते."

तेवीस वर्षांत हा प्रश्न कुणी काढला नव्हता. थोरलीनं धाकटीकडे बघितलं. धाकटी खाली बघत होती. गालातल्या गालात हसतेय, थोरलीला वाटलं. खरं तर ती चपलेला लागलेली पुट्टी खरवडत होती. पण हेव्याला चष्मा नसतो.

शेवटच्या हाताला तीन दिवस उरले होते. त्या सकाळी थोरली नेहमीपेक्षा अर्धा तास लवकर पोचली. रंगखोलीचं दार उघडं. किल्ली तर आपल्या कमरेला! मग आठवलं, काल संध्याकाळी धाकटी म्हणाली होती, "ताई, ब्रश भिजत पडलेत, मी धुऊन कुलूप लावते." नुसतं दाबायचं कुलूप ते. लावलंच नव्हतं तिनं. थोरलीनं फटीला डोळा लावला.

आत धाकटी तिच्या हिरव्या बादलीवर ओणवी झाली होती. काल संध्याकाळी थोरलीनं स्वतः कालवून, झाकून ठेवलेली बादली. धाकटीच्या हातात मग होता. मगात पिवळा. ती तो धार धरून हिरव्यात सोडत होती, काठीनं ढवळत होती, पाटीवर एक फराटा मारून बघत होती, पुन्हा सोडत होती. शेवटी झाकण लावलं, हातातला मग धुतला आणि काठी होती तशी ठेवली. पुसून, हं! चोर पुसतो तशी.

थोरलीनं डोळा फटीवरून काढला. म्हणजे हे असं आहे! दीड वर्ष आपला डोळा बिघडला, आपला हात बिघडला म्हणून आपण आतल्या आत कुढतोय, आणि ही भवानी आपल्या हिरव्यात पित्त कालवतेय. वर म्हणते, "ताईंचा हात आहे." लोकांच्या जिभेला हिच्या पिवळ्याची चटक लागली. आज रंग हिचा आणि नाव आपलं. उद्या नावही हिचंच, आणि किल्लीही.

आत शिरावं आणि झिंज्या उपटाव्यात असं तिच्या मनात आलं. तिनं एक पाऊल टाकलंही. आणि तिथंच थांबली. घाईत घेतला तर तो नुसता राग.

ती मागं फिरली, टपरीवर जाऊन दोन चहा घेऊन आली. "लवकर आलीस गं," ती म्हणाली. "घे, दमली असशील."

"अगंबाई, तुम्ही कशाला आणलात?" धाकटी गोरीमोरी झाली.

"असू दे. तुझे कष्ट मला दिसतात."

पुढचे तीन दिवस थोरलीच्या तोंडात साखर. गॉगल बोळात नटीला शिकवायचा, थोरली पुट्टी घासता घासता ऐकायची. "चेहऱ्यावर काही नको. पाणी जसं थांबलेलं. आता हात कडीवर. सावकाश. लावताना तिला आनंद होत नाही, तिला फक्त शांत वाटतं." त्या नटीला ते तीन दिवसांत जमलं नाही. थोरलीला एका दुपारीत जमलं.

शेवटच्या हाताचा नियम असा, की रंग एकाच वेळी कालवायचा आणि एका दमात लावायचा. दोन वेळा कालवलेला रंग कधीही जुळत नाही, भिंतीवर सांधा दिसतो. थोरलीनं त्या सकाळी सगळा रंग ताजा कालवला. पाटी बघितलीसुद्धा नाही. पाटीत धाकटीची लुडबुड. तिनं बाटलीचा तळ आठवला, तेवीस वर्षांचा डोळा लावला आणि निळा टाकत गेली. अजून निळा. अजून. जमला! खोल, गडद, दमट. अहाहा. आता भिंतीला जाईपर्यंत धाकटीचा वाराही लागता कामा नये.

"धाकटे, लाल दाराच्या खोलीत कपाटामागं फुलांचा कागद सुटलाय. खळ घेऊन जा आणि नीट दाबून चिकटव. घाई नको."

धाकटी बादलीकडे बघत घुटमळली. "ताई, रंग कालवून झाला? मी येऊन मग बघते हं. लावू नका तोवर."

"छे. तुझ्याशिवाय कशी लावीन?"

धाकटी खळीची वाटी घेऊन निघाली. थोरली तिच्या मागं. त्या वेळी तिथं कॅमेरा असता ना, तर गॉगलनं पुढचा सिनेमा केलाच नसता, याच्यावरच निवृत्त झाला असता. लांब बोळ, डावीकडे जेवढी भिंत तेवढीच उजवीकडे, वर एक दिवा, मधोमध थोरली. चेहरा थांबलेल्या पाण्यासारखा. धाकटी आत गेली. लाल दार लोटलं. बाहेरची कडी, खरीखुरी लोखंडी, गॉगलनं हट्टानं बसवून घेतलेली, सावकाश सरकली. आवाजसुद्धा झाला नाही, कारण तेल थोरलीनंच घातलं होतं.

शांत वाटेल असं गॉगल म्हणाला होता. थोरलीला मात्र एकदम भूक लागली. तिनं पदरानं हात पुसले आणि रोलर उचलला.

खोलीच्या भिंतींत नटीच्या किंकाळ्या अडवायला गाद्या भरल्या होत्या. बाहेर सुतारांची करवत चालू. फोन तर धाकटीचा रंगखोलीत चार्जिंगला. अर्ध्या तासानं दारावर थाप पडली. थोरली दारापासून चार हातांवर रोलर फिरवत होती.

"ताई! कडी लागली वाटतं चुकून!"

थोरलीनं रोलर खाली नेला, वर आणला.

"ताई, तुम्ही आहात ना तिकडं? रंगाचा वास येतोय. लावू नका हो! मला एकदा बघू द्या!"

बघू द्या म्हणे, थोरली मनात म्हणाली. बघितलंय मी, तू काय बघतेस ते.

"ताई, माझं ऐका! थोडा पिवळा घाला!"

"ऐकतेय ना," थोरली हळूच म्हणाली. "सगळं ऐकतेय."

थापा पडत राहिल्या. थोरली त्या तालावर रोलर फिरवत राहिली. असा भरभर रंग तिनं जन्मात लावला नव्हता. जेवणाच्या सुट्टीपर्यंत अख्खा बोळ एका दमात हिरवा. वाळायला पंखे लावले. कुणी विचारलं, धाकटी कुठंय, तर म्हणाली, "डोकं दुखतंय म्हणून घरी गेली." थापा थांबल्या होत्या. ते मात्र तिला आवडलं नाही. तिनं दोनदा दाराशी जाऊन कान लावला. आतून कागदावरून हात फिरवल्याचा आवाज येत होता. कोंडलेली बाई काम करत होती! थोरलीला त्याचाही राग आला.

दुपारी दिवे लागले. मास्तर आले, गॉगल आला, दोघे सुतार आले, लाइटवाले गोळा झाले. थोरली बोळाच्या तोंडाशी कमरेवर हात ठेवून उभी. कुणी बोलेना. बघा, तिला वाटलं, तोंडातून शब्द फुटेना.

गॉगलनं पहिल्यांदा कपाळावरचा गॉगल डोळ्यांवर घेतला. मग काढला. "हा... समुद्र आहे का?"

"म्हणजे?"

"मोठ्या वहिनी, हा निळा आहे."

थोरली हसली. "तुमची चेष्टा पुरे. हिरवा आहे. खरा हिरवा. आजवर तुम्ही जो बघत होतात ते पित्त होतं."

कुणी हसलं नाही. मास्तर गेले आणि पाटी घेऊन आले, भिंतीला टेकवली. "ही पाटी. ही भिंत. सांगा."

थोरलीनं बघितलं. पाटी पिवळट. भिंत हिरवीगार. "पाटी खराब झालीय," ती म्हणाली. "भिंत बरोबर आहे."

मग तिनं लोकांचे चेहरे बघितले. कुणी तिच्याकडे बघत नव्हतं. कुणी दिवा बघतंय, कुणी नखं. रागावलेल्या माणसांशी तिला भांडता आलं असतं. पण ही माणसं ओशाळली होती. तिनं नवऱ्याला बाजूला ओढलं.

"तुम्ही सांगा. माझ्या गळ्याची शप्पथ."

मोठा सुतार पायांकडे बघत म्हणाला, "निळा आहे गं."

"निळा?"

"निळा."

थोरलीला एकदम काहीतरी सुचलं आणि तिचा आवाज बारीक झाला. "आणि आपली बाहेरची खोली? गेल्या वर्षी मी रंगवली ती? ती तरी हिरवी आहे ना?"

"ती पण निळी. लख्ख निळी. पोस्टमन लांबून ओळखतो."

"आणि तुम्ही वर्षभर बोलला नाहीत?"

"तू इतकी खूश होतीस," तो म्हणाला.

तेवढ्यात मास्तर ओरडले, "अरे, धाकट्या वहिनींना घरून बोलवा कुणीतरी!" आणि लाल दारातून थाप आली. एकच.

सगळे त्या दाराकडे बघायला लागले. धाकटा सुतार धावला, पण थोरली त्याच्याआधी निघाली. तोच लांब बोळ, तोच वरचा दिवा. आता मात्र चेहरा थांबलेल्या पाण्यासारखा नव्हता. सकाळी तो बोळ पन्नास पावलांचा होता. आता पाचशे झाला. तिनं कडी काढली.

धाकटी बाहेर आली. केसांत खळ, गालाला कागदाचं एक फूल चिकटलेलं. चार तास कोंडलेली बाई आधी काय करेल? पाणी मागेल, रडेल, एक ठेवून देईल. हिनं थोरलीच्या खांद्यावरून भिंत बघितली आणि म्हणाली, "एक बादली पिवळा. दोन माणसं द्या. रात्र व्हायच्या आत पाटीला जुळवून देते."

"तू आत कशी?" धाकट्या सुतारानं विचारलं.

धाकटीनं थोरलीकडे बघितलं. मग सगळ्यांकडे. "कडी आपोआप पडली. चूक माझीच. ताईंना पिवळा आणून द्यायचा होता, मी इथं अडकले."

थोरलीच्या अंगाची लाहीलाही झाली. मारली असती तर बरं वाटलं असतं! सगळ्यांसमोर, निळ्या भिंतीपुढं, खळ लागलेल्या केसांनी ही आपल्याला वाचवते? तिनं धाकटीचा दंड धरला आणि तिला रंगखोलीत ओढत नेलं. दार लावलं.

"कधीपासून?"

"दीड वर्ष," धाकटी म्हणाली. "त्या जहाजाच्या सिनेमात तुम्ही शेवाळ रंगवलं होतंत ना, ते निळं झालं होतं. मी सकाळी येऊन बदललं. मग रोजचंच झालं. मोतीबिंदू असेल ताई. माझ्या आईला होता. पिवळी काच लावल्यासारखं होतं म्हणे, निळा दिसतच नाही, मग माणूस टाकत जातं."

"सांगितलं का नाहीस?"

"सांगितलं असतं तर तुम्ही ऐकलं असतंत?"

ऐकलं नसतं हे दोघींनाही माहीत होतं.

"आणि किल्ली गेली असती तुमची," धाकटी म्हणाली. "खरं सांगू? नुसतं तेवढंच नाही. मला आवडायचं. सगळे वा वा करायचे आणि तुम्ही मान ताठ करून उभ्या राहायचात ना, तेव्हा मला वाटायचं, यातला पिवळा माझा आहे. कुणाला माहीत नाही, पण मला माहीत आहे. तुमचा हेवा वाटायचा मला. तेवीस वर्षांचा डोळा म्हणे! मला कुणी असं एकदा तरी म्हणावं म्हणून मी पहाटे उठून यायची."

थोरली स्टुलावर बसली. तिनं समोरच्या बादल्या बघितल्या. यातली हिरवी कुठली आणि निळी कुठली, हे आता तिला झाकणावरचं वाचून ठरवायला लागणार होतं. दोघी जावा दीड वर्ष एकमेकींना खात होत्या, आणि जेवणाचा डबा रोज एकत्र उघडत होत्या.

बाहेर मास्तर वाट बघत होते. थोरली उठली, दार उघडलं आणि सगळ्यांना ऐकू जाईल असं म्हणाली, "मास्तर, लोखंडी कडी आपोआप पडत नाही. मी लावली. आणि रंग गेलं दीड वर्ष तिचा आहे, माझा नाही." मग कमरेची किल्ली सोडली. तेवीस वर्षांत तिथं कातडीला घट्टा पडला होता. ती धाकटीकडे वळली, तिच्या डोळ्यांतून घळाघळा पाणी आलं, तिनं धाकटीचे दोन्ही हात धरले आणि म्हणाली, "बाई, चुकलं माझं, मला माफ कर." आणि दोघी गळ्यात गळा घालून रडल्या.

आता असं बघू नका माझ्याकडे. बरं बाई, बरं. सांगते.

सगळं खरं, अगदी कुत्र्यांसकट खरं. ते शेवटचं रडणं तेवढं मी पदरचं घातलं. थोरलीनं माफी मागितली नाही. त्या दिवशी नाही आणि नंतरही नाही. डोळ्यांचं ऑपरेशन झालं, घरी येऊन स्वतःची निळी खोली बघितली आणि दोन दिवस नवऱ्याशी अबोला धरला, तरीही नाही. त्या दुपारी तिनं किल्ली धाकटीच्या खळ लागलेल्या तळहातावर आपटली आणि म्हणाली, "घे. आणि याद राख, मगाला पिवळा लागलाय अजून. धुवायला शिकवलं होतं मी."